पाठमोरं सूर्यफूल

पाणी मी घातलं, खत मी घातलं. मावा पडला तेव्हा एकेक पान उलटं करून कडुनिंबाच्या तेलाच्या पाण्यानं पुसलं, तेही मीच. आणि फुलल्यावर सूर्यफुलानं तोंड केलं ते शेजारच्या काकूंच्या स्वयंपाकघराकडे.

आठ बिया पेरल्या होत्या, बोटाच्या एका पेराएवढ्या खोल. सात ते दहा दिवसांत उगवतील, असं पाकिटावर छापलेलं. मी चौथ्या दिवशीच माती उकरून बघितली, पाचव्या दिवशी पुन्हा. ज्या बियांची मी अशी आस्थेनं विचारपूस केली, त्यांतली एकही वर आली नाही. उरलेल्या तीन उगवल्या. एका रोपाच्या डोक्यावर टरफल टोपीसारखं अडकलं होतं आणि आत दोन्ही दलं घट्ट मिटलेली. बिचारं गुदमरत असेल म्हणून नखानं हलकेच टोपी काढायला गेलो, तर टोपीबरोबर डोकंही हातात आलं. दुसऱ्याला जरा बरी जागा द्यावी म्हणून उपटून हलवलं. सूर्यफुलाला सोटमूळ असतं आणि त्याला बदली अजिबात मानवत नाही, हे ज्ञान मला त्याच्या तेराव्याला झालं. तिसरं जगलं, कारण त्या आठवड्यात मी बाहेरगावी होतो.

ते मात्र वाढलं. बघता बघता माझ्या खांद्याला लागलं. मग मी उत्साहाच्या भरात नत्राचं खत जास्त घातलं आणि नुसती पानंच सुपाएवढी झाली. कळीचा पत्ता नाही. "अहो, भाजी लावलीय का?" असं बायकोनं दोनदा विचारलं. मी तिला सांगितलं, २०१४ साली जर्मनीत एका माणसानं ९.१७ मीटर उंचीचं सूर्यफूल वाढवलं होतं. ती म्हणाली, "त्याच्या बायकोनं काय केलं असेल?"

शेवटी कळी आली आणि आमचं प्रेमप्रकरण सुरू झालं. माझी खिडकी पूर्वेला, तिच्यासमोर दहा पावलांवर ते झाड, त्यापलीकडे कुंपण आणि कुंपणापलीकडे काकू. सकाळी कळीचं तोंड काकूंकडे असायचं, पण दुपार कलली की मान वळवून थेट माझ्या खिडकीकडे! मी रोज संध्याकाळी झारी घेऊन समोर उभा. वाटायचं, याला माणसं कळतात.

मग एके दिवशी फूल पूर्ण उमललं आणि वळायचं थांबलं. ते तोंड पूर्वेलाच राहिलं. मी दोन दिवस वाट पाहिली. पाणी वाढवलं. हाकही मारून बघितली, ते जाऊ दे.

वाचल्यावर उलगडा झाला. दिवसा देठाची पूर्वेकडची बाजू जास्त वाढते, म्हणून शेंडा पश्चिमेला कलतो. रात्री पश्चिमेकडची बाजू वाढते आणि पहाटेपर्यंत तो परत पूर्वेला. वाढ संपली की वळणंही संपलं. म्हणजे इतके दिवस मी ज्याला ओढ समजत होतो, ती देठाची वाढ होती. आणि उगवत्या सूर्याला नमस्कार करण्यात त्याचा फायदाच होता. कॅलिफोर्नियातल्या संशोधकांनी २०१६ साली दाखवून दिलं, की पूर्वेकडे तोंड असलेलं फूल सकाळी लवकर तापतं आणि पश्चिमेकडे तोंड केलेल्या फुलापेक्षा त्याच्याकडे पाचपट मधमाश्या वगैरे येतात. ही तुलना करायला त्यांनी कुंड्या फिरवल्या होत्या. माझं झाड जमिनीत. ते हलवायचं म्हणजे पुन्हा सोटमूळ!

तेव्हा मी खिडकीतून पाठ बघायचो. पाठ म्हणजे हिरवी टोकदार पानं, खरबरीत लव आणि वाकलेली मान. शाळेत शेवटच्या बाकावरून दिसणारा वर्ग. आणि कुंपणापलीकडून काकू मला माझ्याच फुलाच्या बातम्या द्यायच्या.

"तुमच्या फुलात किती बारीक फुलं आहेत हो! बाहेरून आत उमलत चाललीत."

"मधल्या चक्री मोजल्या मी. एकीकडून ३४, दुसरीकडून ५५. छान रांगोळी आहे."

"हो का," मी म्हणायचो.

पण माझाही दिवस आला. बी तयार झाली की नाही, हे फुलाच्या पाठीवरून ओळखतात. हिरवी पाठ पिवळी पडते, मग तपकिरी होते. आणि पाठ बघण्यात माझ्याइतका मुरलेला माणूस कोण? रोज खिडकीतून बघायचो: आज लिंबासारखी, आज हळदीसारखी. पाखरं बी खातात, फुलाला जाळी बांधा, असं बायको म्हणाली. मी हसलो. इतके दिवस खिडकीत उभा आहे, एक पाखरू फिरकताना दिसलेलं नाही.

पाठ हवी तशी तपकिरी झाल्यावर कात्री घेऊन गेलो, देठ कापला, फूल हातात घेऊन उलटं केलं. समोरून रिकाम्या पोळ्यासारखं. एकूण अकरा बिया, त्यातल्या सात पोकळ.

कुंपणापलीकडून काकू म्हणाल्या, "कापलंत? अरेरे, चार दिवस काय सुंदर पोपट येत होते! थांबा, फोटो दाखवते."

फोटो खरंच सुंदर होता. फुलाच्या तोंडाला तीन पोपट उलटे लटकलेले, चोचीत बी. मागे, जरा धूसर, माझी खिडकी. खिडकीत हातात झारी घेतलेला मी, पाठीचा रंग निरखतोय, आणि चेहऱ्यावर भलतंच समाधान.