स्वमग्नतेवरची पुस्तके आणि आमच्या घरातली मराठी

गेल्या महिन्यात आमच्या बँकेतील एका तरुण सहकाऱ्याने जेवणाच्या सुटीत डबा उघडण्याआधीच मला विचारले, "मॅडम, माझ्या भाच्याला ऑटिझम आहे असं परवा डॉक्टरांनी सांगितलं. ताईला वाचायला एखादं पुस्तक सुचवाल का?" माझा मुलगाही ऑटिस्टिक, म्हणजे मराठीत स्वमग्न, आहे. तो आता १७ वर्षांचा आहे आणि मुलुंडच्या आमच्या घरात या विषयावरच्या पुस्तकांनी कपाटाचा एक अख्खा कप्पा भरलेला आहे, त्यामुळे उत्तर माझ्या जिभेवर असायला हवे होते. ते नव्हते. "उद्या सांगते" असे मी म्हटले आणि त्या उद्याला आता तीन आठवडे उलटून गेले. एवढा वेळ का लागला, हे येथे सविस्तर लिहीत आहे.

पहिले पुस्तक हे पहिल्या डॉक्टरसारखे असते. त्याने वापरलेले शब्द पुढे कित्येक वर्षे आपल्या तोंडी राहतात आणि मुलाकडे पाहताना तेच आधी आठवतात. माझ्या हाती पडलेले पहिले पुस्तक म्हणजे एका हितचिंतकांनी दिलेली, आहाराविषयीच्या कुठल्याशा पुस्तकाची झेरॉक्स प्रत होती. मुलगा तेव्हा साडेतीन वर्षांचा होता. "मुलगे उशिराच बोलतात", "याचा मामाही पाच वर्षांचा होईपर्यंत बोलत नव्हता" या दिलाशांवर दीड वर्ष काढून झाल्यावर नुकतेच निदान झाले होते, आणि काहीतरी ताबडतोब करायला हवे या घाईने मी त्या झेरॉक्समधले अक्षर न् अक्षर पाळले. गहू बंद, दूध बंद. जो मुलगा तूप-गुळाची पोळी आणि दूधभात यांखेरीज कशालाही तोंड लावत नव्हता, त्याच्यापुढे तीन महिने मी ज्वारीची भाकरी मोडून ठेवत राहिले आणि तो ताट सरकवत राहिला. त्याचे वजन घटले, माझी झोप उडाली. त्या आहाराने स्वमग्नता कमी होते याला भक्कम पुरावा नाही, हे मला वाचायला मिळाले तोवर तो पुन्हा पोळी खाऊ लागला होता, तेही माझ्या नकळत, सासूबाईंच्या हातून.

त्याच जातीच्या पुस्तकांत लसीची गोष्टही असते. १९९८ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात अँड्र्यू वेकफील्ड आणि सहकाऱ्यांचा अवघ्या १२ मुलांवर आधारलेला एक लेख आला आणि त्यातून गोवर-गालगुंड-रुबेलाच्या लसीभोवती भीती उभी राहिली. पुढे अनेक देशांतल्या मोठ्या अभ्यासांत लस आणि स्वमग्नता यांचा संबंध आढळला नाही. २०१० मध्ये तो लेख मागे घेतला गेला आणि वेकफील्ड यांचे नाव ब्रिटनच्या वैद्यकीय नोंदवहीतून काढून टाकण्यात आले. लेख मागे घेता येतो. शेजारणीच्या मनात बसलेली भीती मागे घेण्याची तशी काही सोय नसते.

म्हणून 'बरे करण्याचे' आश्वासन मुखपृष्ठावरच देणारे पुस्तक त्या ताईंच्या हाती मुळीच पडू नये, एवढे तर मी त्याच दिवशी सांगायला हवे होते. पण उरलेल्यांतले कोणते? येथे मला आधी 'स्वमग्न' या शब्दाशीच थोडे भांडायचे आहे.

'ऑटिझम' हा शब्द 'स्वतः' या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून स्विस मानसोपचारतज्ज्ञ ऑयगेन ब्लॉयलर यांनी घडवला, आणि तो या मुलांसाठी नव्हे तर स्किझोफ्रेनियाच्या रुग्णांनी बाहेरच्या जगाकडे पाठ फिरवण्याच्या लक्षणासाठी होता. बाल्टिमोरचे बालमानसोपचारतज्ज्ञ लिओ कॅनर यांनी १९४३ मध्ये ११ मुलांचे वर्णन करताना तो उचलला आणि मराठीत आपण त्याचे 'स्वमग्नता' केले. भाषांतर चोख आहे. अडचण अशी, की मराठी कानाला 'मग्न' हा शब्द ऐकताच कीर्तन आणि समाधी आठवते. आमच्या मजल्यावरच्या एका आजींनी माझ्या मुलाला हातातली दोरी डोळ्यांपुढे तासभर हलवताना पाहून "मागच्या जन्मीचा योगी दिसतो" असे मनापासून म्हटले होते. त्या शब्दात एक आरोपही दडलेला आहे, तो म्हणजे या मुलाला आपण नको आहोत. प्रत्यक्षात तो मुलगा दिवसातून दहा वेळा माझे मनगट धरून मला पंख्याच्या बटणापाशी, फ्रिजपाशी, दारापाशी नेत होता. ज्याला आपण नको आहोत, तो आपला हात कशाला धरेल? तरीही मी तो आरोप खरा मानला, कारण मला भेटलेले पुस्तक, शब्द आणि माणसे तेच सांगत होती.

हा आरोप आयांना किती महाग पडला, हे समजण्यासाठी १९६७ या एका वर्षात आलेली दोन पुस्तके शेजारी शेजारी ठेवावीत. पहिले शिकागोचे मानसशास्त्रज्ञ ब्रूनो बेटलहाइम यांचे 'द एम्प्टी फोर्ट्रेस', म्हणजे रिकामा किल्ला. बेटलहाइम स्वतः नाझींच्या डाखाउ आणि बुखेनवाल्ड छावण्यांत राहून आलेले होते, आणि छावणीतला कैदी जसा आशा सोडून आत आत मिटत जातो तसे हे मूल आईवडिलांच्या नकारामुळे मिटते, असे त्यांनी मांडले. आईवडिलांच्या थंडपणाची गोष्ट कॅनर यांच्या लेखनातही होतीच, पण तिला लोकप्रियता मिळाली ती या पुस्तकामुळे. पुस्तक वाचनीय आहे, विद्वत्तापूर्ण आहे आणि त्याचा गाभा चूक आहे. बर्नार्ड रिमलंड या मानसशास्त्रज्ञ पित्याने १९६४ मध्येच हे कारण मेंदूच्या जडणघडणीत शोधायला हवे असे पुराव्यांसह लिहिले होते. १९६९ मध्ये खुद्द कॅनर यांनी पालकांच्या सभेत पालकांना या आरोपातून मुक्त केले. ती बातमी मुंबईपर्यंत पोहोचायला मात्र बहुधा वाटेत बरीच स्टेशने लागली असावीत, कारण २०१० च्या सुमारास एका तज्ज्ञांनी माझ्याकडे न पाहता माझ्या पतींना विचारले होते, "या नोकरी करतात ना?"

दुसरे पुस्तक क्लारा क्लेबोर्न पार्क यांचे 'द सीज', म्हणजे वेढा. पार्क इंग्रजी साहित्याच्या शिक्षिका होत्या आणि चार मुलांतल्या धाकट्या मुलीची पहिली आठ वर्षे त्यांनी या पुस्तकात लिहून काढली. सुरुवातीलाच एक लहानगी जमिनीवरच्या एका ठिपक्याभोवती रांगत गोल गोल फिरते आहे आणि स्वतःशीच हसते आहे. किल्ल्याची प्रतिमा दोन्ही पुस्तकांत आहे, पण बेटलहाइम किल्ल्याच्या आत काय नाही ते लांबून सांगतात आणि पार्कबाई पायथ्याशी तळ ठोकतात. गडांच्या मुलखातल्या आपल्यासारख्या वाचकांना वेढा म्हणजे काय ते वेगळे सांगायला नको. त्यात लढाई थोडी आणि बसणे फार असते. मुलीने आपण होऊन पेला धरावा, नळ फिरवावा, यासाठी ही बाई महिनोन् महिने बसते, काय केले आणि काय फसले ते टिपते, आणि जे कळले नाही त्याला तत्त्वज्ञानाचा मुलामा देत नाही. शास्त्र त्यानंतर खूप पुढे गेले आहे आणि काही शब्द आज जुने वाटतात. तरीही मला त्या कप्प्यातले एकच पुस्तक ठेवायला सांगितले, तर मी हेच ठेवीन.

आईने लिहिलेले पुस्तक हेही शेवटी बाहेरून लिहिलेलेच असते, ही पुढची पायरी मला स्वतः स्वमग्न असलेल्या टेंपल ग्रँडिन यांच्यामुळे कळली. १९८६ मध्ये त्यांचे पहिले आत्मकथन आले आणि १९९५ मध्ये 'थिंकिंग इन पिक्चर्स'. किशोरवयात ॲरिझोनातल्या मावशीच्या रँचवर त्यांनी गुरांना लस टोचताना दोन्ही बाजूंनी दाबून धरणारा पिंजरा पाहिला, त्यात जनावरे शांत होतात हे हेरले आणि स्वतःसाठी तसेच दाबून धरणारे यंत्र बनवले. ते पान वाचत असताना माझा मुलगा मे महिन्याच्या उकाड्यात, पंखा बंद करून, कापसाच्या गादीखाली शिरलेला होता आणि मी सवयीने त्याला बाहेर ओढायला उठले होते. मी परत खाली बसले. मिक्सर लावताच तो कान झाकून पळतो ते नाटक नव्हे आणि गादीखाली शिरतो तो हट्ट नव्हे, हे मला बारा वर्षांत एकाही अहवालाने इतके स्वच्छ सांगितले नव्हते. अर्थात ग्रँडिनबाईंच्या एकट्या अनुभवावरून सगळ्यांना मोजणेही चूक आहे. त्यांना चित्रांत विचार सुचतो, माझ्या मुलाला, मला वाटते, आवाजात सुचतो.

त्याचे आवाज म्हणजे मध्य रेल्वे. तीन-साडेतीन वर्षांचा असल्यापासून तो गाडीतल्या घोषणा हुबेहूब म्हणत असे, आणि घरी सायंकाळी अचानक "पुढील स्टेशन, दादर" असे म्हणून रडू लागे. असे पुनरुच्चार थांबवावेत, असे आम्हाला सांगण्यात आले होते. वाचा-भाषातज्ज्ञ बॅरी प्रिझंट यांचे 'युनिकली ह्यूमन' २०१५ मध्ये आले. उसन्या वाक्यांनाही अर्थ असतो, त्यामुळे ती थांबवण्याऐवजी मूल असे का म्हणते आहे ते विचारा, हे त्यांचे सांगणे वाचून आम्ही मागे वळून पाहिले, तेव्हा उलगडले की दर शनिवारी थेरपीसाठी दादरला उतरल्यावर त्याला पहिल्यांदा वडापाव मिळत असे. "पुढील स्टेशन, दादर" म्हणजे "मला भूक लागली आहे". इतकी वर्षे आम्ही भुकेल्या मुलाला गप्प बसवत होतो.

नाओकी हिगाशिदा या स्वमग्न जपानी मुलाने वयाच्या १३ व्या वर्षी लिहिलेले 'द रीझन आय जम्प' अनेकांना प्रिय आहे आणि मलाही वाचताना रडू आले होते, पण ते देताना मी एक वाक्य सोबत देते. ज्यांना बोलता येत नाही अशांनी अक्षरपट्टीवर बोट ठेवून, शेजारी बसलेल्या व्यक्तीच्या मदतीने लिहिलेल्या मजकुराबद्दल तज्ज्ञांत गंभीर वाद आहे. अशा काही पद्धतींविरुद्ध अमेरिकेतल्या वाचा-श्रवणतज्ज्ञांच्या संघटनेने २०१८ मध्ये स्पष्ट इशाराही दिला आहे. ते पुस्तक एका मुलाचे म्हणून वाचावे, आपल्या मुलाच्या मनातले म्हणून वाचू नये.

इतिहासाच्या जाडजूड ग्रंथांबद्दल थोडक्यात सांगते. जॉन डॉनव्हन आणि कॅरन झकर यांच्या 'इन अ डिफरंट की' या २०१६ च्या पुस्तकात कॅनर यांच्या ११ मुलांतला पहिला, डॉनल्ड ट्रिप्लेट, म्हातारपणी भेटतो. मिसिसिपीतल्या फॉरेस्ट नावाच्या छोट्या गावात त्याने बँकेत नोकरी केली, गोल्फ खेळला, जगभर प्रवास केला आणि २०२३ मध्ये ८९ व्या वर्षी तो गेला. बँकेत! हे वाक्य मी आमच्या शाखेत दोघांना तरी वाचून दाखवले आहे. स्टीव्ह सिल्बरमन यांचे 'न्यूरोट्राइब्ज' वाचणाऱ्यांनी त्यातले व्हिएन्नाचे बालरोगतज्ज्ञ हान्स ॲस्पर्गर यांचे चित्र मात्र २०१८ मध्ये पुढे आलेल्या संशोधनासोबत तपासावे. नाझी राजवटीत मुलांना ठार मारणाऱ्या संस्थेकडे त्यांनी काही मुले पाठवली होती, हे आता कागदपत्रांनिशी उघड झाले आहे.

आता मूळ अडचण. ही सगळी पुस्तके मी इंग्रजीत वाचली. मला मराठीत मिळाली ती बहुतेक माहितीपर, लक्षणे आणि उपचार सांगणारी होती. त्यांचा उपयोग झाला, नाही असे नाही, पण त्यांत कोणाचे घर नव्हते. आणि माझ्या मुलाचा निम्मा दिवस ज्यांच्याबरोबर जातो त्या सासूबाईंना इंग्रजी येत नाही. यात एका थेरपिस्टच्या सल्ल्याची भर पडली, की दोन भाषांनी मूल गोंधळते, घरात एकच भाषा बोला आणि शाळा इंग्रजी असल्यामुळे ती इंग्रजीच ठेवा. आम्ही वर्षभर ते केले. त्या वर्षी आजी नातवाशी जवळजवळ बोलल्याच नाहीत, कारण 'कम हिअर' आणि 'सिट डाउन' यांच्यापुढे त्यांची गाडी जाईना. दोन भाषांमुळे स्वमग्न मुलांच्या भाषेची हानी होते, असे त्यावरच्या संशोधनात आढळलेले नाही. हे मला जेव्हा वाचायला मिळाले, तेव्हा मला त्या थेरपिस्टपेक्षा स्वतःचाच अधिक राग आला, कारण गादीत तोंड खुपसून तो जे पुटपुटत असे ते 'अडगुलं मडगुलं' होते आणि ते मला ऐकू येत होते.

त्यानंतर मी रात्री भांडी आवरल्यावर सासूबाईंना 'द सीज' मराठीत सांगत वाचू लागले. त्यांनी पहिल्याच दिवशी मला थांबवले. ठिपक्याभोवती फिरणाऱ्या मुलीचे ऐकून त्या म्हणाल्या, "आपलाही असाच फिरायचा की ग, पाटाभोवती. मी त्याच्या मागून फिरले की हसायचा." मला हे माहीतच नव्हते. मी तेव्हा कामावर असे. पुढे महिनाभर प्रत्येक प्रकरणाला त्यांच्याकडून अशी एखादी जोडणी येत गेली. शेवटी त्यांनी विचारले, "मग त्या मुलीचं पुढे काय झालं?" ती मोठी होऊन चित्रकार झाली आणि एका महाविद्यालयाच्या टपाल विभागात कामही करू लागली, हे मी सांगितले. "आणि आई?" आई २०१० मध्ये वारली. यावर त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत, आणि मग उठून दुधाला विरजण लावायला गेल्या.

तर त्या सहकाऱ्याला मी काल सांगितले, की ताईंना आधी ग्रँडिन द्या, मग प्रिझंट, आणि सहा महिन्यांनी पार्क. कायद्याची माहितीही वेळीच करून घ्या, कारण २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकारांत स्वमग्नतेचा समावेश आहे आणि प्रमाणपत्राच्या रांगेत तेच कामी येते. त्याने सगळे मोबाइलमध्ये लिहून घेतले आणि विचारले, "आणि माझ्या आईसाठी? ती मराठीच वाचते." त्याला द्यायला माझ्याकडे छापील काही नव्हते. मी सासूबाईंची, नातवाविषयीच्या नोंदींची दोनशेपानी वही दिली, परत करण्याच्या अटीवर. तिच्या पहिल्या पानावर तारखेखाली एवढेच आहे: "आज कुकरची शिट्टी व्हायच्या आधीच कान झाकले. त्याला वेळ कळते."