गांधी पडद्यावर १९८२ साली आले नाहीत

‘१९८२ चा सिनेमा येईपर्यंत गांधींना जगात कुणी ओळखत नव्हतं’ हा फॉरवर्ड आता मावशीच्या भजनी मंडळाच्या ग्रुपवरही पोचलाय. या वेळी त्याला शेपूटही आहे: गांधींचं खरं चित्रण नाहीच, जे आहे ते मागाहून रचलेलं. पुरावा काय, तर त्यात ते ‘पळत’ चालतात. शिवाय त्यांना सिनेमाचा तिटकारा होता, मग ते कॅमेऱ्यापुढे येतील कसे?

आधी पळण्याचंच घेऊ, कारण हे वाचून कपाळाला हात लावायची वेळ येते. मूकपटाच्या काळात कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवायचे, सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी (फ्रेम). बोलपट आले आणि प्रोजेक्टरचा वेग २४ चौकटींवर पक्का झाला. १६ नं घेतलेली फिल्म २४ नं चालवली की तीन मिनिटांचं चालणं दोन मिनिटांत उरकतं. नीट बघा, मागची गर्दी, झेंडे, रस्त्यावरची गाडी, सगळ्यांचीच लगबग चाललेली असते. वेग १६ वर आणला की चाल सरळ होते. त्यातून गांधी मुळातच झपाझप चालणारे, ते वेगळंच.

बनावट ओळखायची तर चौकट बघा. वृत्तपटाची चौकट चारास तीन, चौकोनाच्या जवळ जाणारी. १९८२ चा तो सिनेमा, म्हणजे दिग्दर्शक रिचर्ड ॲटनबरोंचा ‘गांधी’, रंगीत आणि रुंद पडद्याचा, उंचीच्या सव्वादोन पटींहून जास्त रुंद. त्यात गांधी झालेल्या बेन किंग्जलींचं दृश्य कृष्णधवल करून कुणी ‘दुर्मिळ चित्रण’ म्हणून पाठवलं, तर एकतर वर-खाली काळ्या पट्ट्या राहतात, नाहीतर बाजू कापल्यामुळे कडेची माणसं अर्धी तुटतात. आणि एकच चालणं समोरून, पावलांजवळून, उंचावरून असं सफाईनं जोडलेलं दिसलं, तर तिथे दिग्दर्शक हजर होता असं समजा. वृत्तपटवाला तिपाई रोवून रस्त्याकडेला उभा असायचा. त्याच्यासाठी दांडीयात्रा मागे वळून पुन्हा चालणार नव्हती.

आता ‘कुणी ओळखत नव्हतं’. याचं उत्तर इंग्रज सरकारनंच देऊन ठेवलंय. १९२१ च्या ‘भक्त विदुर’ या मूकपटावर कराची आणि मद्रासमध्ये बंदी आली, कारण विदुराच्या अंगावर खादी आणि डोक्यावर गांधीटोपी. १९३० मध्ये दांडीयात्रेच्या चित्रणांवर बंदी. १९३५ साली प्रभातनं संत एकनाथांवर सिनेमा काढला, नाव ठेवलं ‘महात्मा’. सेन्सॉरला त्यात गांधी दिसले आणि बालगंधर्वांचा तो सिनेमा ‘धर्मात्मा’ होऊन आला. एकनाथांचा सिनेमा हो! अनोळखी माणसाच्या नुसत्या उपाधीची एवढी धास्ती कोण घेतं?

हे झालं देशातलं. परदेशात रोमाँ रोलाँ यांनी फ्रेंचमध्ये चरित्र लिहिलं १९२४ ला, ‘टाइम’नं १९३० सालचा माणूस म्हणून गांधींना निवडलं, आणि १९३१ मध्ये फॉक्स मूव्हीटोन या अमेरिकी वृत्तपट कंपनीची मंडळी ध्वनियंत्रं घेऊन गुजरातेत बोरसदला आली. ती मुलाखत आवाजासह आजही उपलब्ध आहे. त्याच वर्षी लंडनमध्ये कोलंबियानं त्यांची ग्रामोफोन तबकडी काढली.

तिटकाऱ्याचं मात्र अर्धं खरं आहे, ते मान्य करतो. १९२७-२८ च्या सिनेमा चौकशी समितीला त्यांनी आपण कधी सिनेमाला गेलोच नाही असं कळवलं होतं. पुढे १९४४ मध्ये जुहूला विजय भट्टांचा ‘रामराज्य’ थोडासा पाहिला. पण सिनेमा न पाहणं वेगळं आणि कॅमेऱ्यात टिपलं जाणं वेगळं. तमिळ पत्रकार ए. के. चेट्टियार देशोदेशी हिंडले, सुमारे ५०,००० फूट फिल्म जमवली आणि १९४० मध्ये त्यातून सुमारे १२,००० फुटांचा माहितीपट केला. २४ च्या वेगाला मिनिटाला ९० फूट धरा, म्हणजे सव्वादोन तास होतात. विठ्ठलभाई झवेरींचा १९६८ चा ‘महात्मा’ तर साडेपाच तासांचा, मुख्यतः प्रत्यक्ष चित्रणं आणि छायाचित्रं यांतून उभा केलेला. मागाहून रचलंय म्हणणाऱ्यांनी एवढा एक माहितीपट बघितला तरी पुरे. सिनेमाच्या चौदा वर्षं आधीचा आहे.

१९८२ च्या सिनेमानं गांधी नव्या पिढीच्या घराघरात नेले, आठ ऑस्कर मिळवली, यात वाद नाही. पण ॲटनबरोंना हा विषय सुचला कुठून? १९६२ मध्ये मोतीलाल कोठारींनी त्यांच्या हाती लुई फिशर यांचं चरित्र दिलं, तिथून. ते पुस्तक १९५० चं, आणि फिशर अमेरिकी.

ग्रुपवर उत्तर द्यायचंच असेल तर बोरसदची मुलाखत पाठवा, ती काही मिनिटांचीच आहे. झवेरींचा साडेपाच तासांचा माहितीपट तिथे कुणी बघणार नाही, पण त्याच्या छोट्या आवृत्त्याही निघाल्या आहेत.