सापडत नाही, ओके?

‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडत नाही, त्यामुळे प्रोग्रॅम चालू होऊ शकत नाही,’ असं संगणक इंग्रजीत सांगतो आणि खाली बटण देतो एकच: ओके. अहो, कशाचं ओके? सोलापुरात अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत माझ्या मामांचे टॉवेलचे माग खोळंबलेत, हॉटेलवाल्याला त्याचं नाव विणलेले टॉवेल सोमवारी हवेत आणि डिझाइनचं सॉफ्टवेअर उघडायला तयार नाही. ‘नाही चालणार’ असं बटण असतं तर मामांनी ते दाबून दाबून झिजवलं असतं.

कुणाचा तरी प्रिंटर एकदा चालू करून दिला की माणूस नात्यागोत्यात जन्मभराचा ‘कॉम्प्युटरमधला’ होतो. त्यामुळे भर मे महिन्याच्या उन्हात वरात माझीच.

“जुनं बरं होतं बे,” मामा म्हणाले. “पुठ्ठ्याची कार्डं, त्याला भोकं, चढवली मागावरच्या जॅकार्डवर, की नक्षी विणून झालं. कार्ड फाटलं तर डोळ्यांनी दिसायचं. हे काय फाटलंय ते दाखव मला.”

आता दाखवणार काय? डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायची फाइल, चाळीतलं सामायिक उखळ. शेंगाचटणी कुटायला प्रत्येक बिऱ्हाडानं वेगळं उखळ घ्यायचं नाही, एकातच सगळ्यांनी भागवायचं. नव्वदच्या दशकात नवं बिऱ्हाड आलं की आपलं उखळ मांडायचं आणि जुनं फेकायचं. त्यात शेजारणीची चटणी बिघडायची. ‘डीएलएल हेल’ म्हणतात तो हाच नरक. पुढं मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी++’ची सालवार उखळं आली: २००५, २००८, २०१०, २०१२, २०१३. २०१५ ते २०२२ वाल्यांनी मात्र एकातच भागवलं. त्यांची आवृत्ती १४, म्हणून फाइलच्या नावात १४०. आधीची १२ होती, मधली १३ झालीच नाही. तेरावं टाळायची रीत तिकडंही असावी.

“मग आपलं उखळ नेलं कुणी?” मामांचा प्रश्न रास्त होता.

मामेभाऊ बबलू खिडकीतून बाहेर बघू लागला. संगणक हळू चालतो म्हणून त्यानं प्रोग्रॅमच्या यादीची साफसफाई केली होती. यादीत ‘व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ (ही उखळं बसवणारा संच) हे एकच नाव ओळीनं पुन्हा पुन्हा दिसलं. एवढ्या वेळा काय करायचंय, म्हणून पठ्ठ्यानं सगळी काढली. वर भरपाई म्हणून कुठल्याशा साइटवरून ती सुटी फाइल उतरवली आणि सिस्टम३२ आणि सिसवाऊ६४ या विंडोजच्या दोन्ही फोल्डरांत टाकली. अनोळखी दुकानातली सुटी डीएलएल संगणकात घालणं म्हणजे विषाची परीक्षा, हे त्याला कोण सांगणार? परिणाम असा झाला, की आधी निदान फाइलचं नाव सांगणारा संगणक आता ‘०एक्ससी०००००७बी’ असं पुटपुटू लागला.

हा आकडा बहुतेक वेळा ३२ आणि ६४ बिटांची, म्हणजे जुन्या आणि नव्या घडणीच्या प्रोग्रॅमची, सरमिसळ झाल्याचं सांगतो. मामांचं सॉफ्टवेअर जुनं, ३२ बिटांचं; विंडोज ६४ बिटांची आणि बबलूची फाइलही ६४ बिटांची. आणि इथं खरी गंमत आहे. ६४ बिटांच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटांच्या फाइली असतात आणि ३२ बिटांच्या राहतात सिसवाऊ६४ मध्ये! जुन्या प्रोग्रॅममध्ये सिस्टम३२ हा पत्ता पक्का लिहिलेला असायचा, म्हणून पाटी तीच ठेवली आणि आतले भाडेकरू बदलले. हे मामांना समजावताना माझीच जीभ अडखळली.

शेजारच्या कारखान्यातल्या एका जाणकारानं ‘एसएफसी स्कॅननाऊ’ सुचवलं. तो आदेश विंडोजच्या स्वतःच्या फाइली दुरुस्त करतो, हरवलेलं उखळ परत आणत नाही. पण सल्ला देणारा चहा प्यायला बसला होता, त्यामुळे तोही चालवला. काही बिघाड नाही, असं उत्तर आलं. मामांनी माझ्याकडं असं पाहिलं, की बिघाड मीच.

शेवटी बबलूची सुटी फाइल काढून टाकली आणि मायक्रोसॉफ्टच्या अधिकृत पानावरून रीडिस्ट्रिब्युटेबल घेतलं, एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही. ३२ बिटांच्या सॉफ्टवेअरला एक्स८६ लागतं. दुसरं बाकीच्या ६४ बिटांच्या प्रोग्रॅमसाठी. संगणक बंद करून चालू केला आणि हॉटेलवाल्याचं नाव पडद्यावर उमटलं. डिझाइन मास्तरांनी लगेच फाइल मागाकडं पाठवली.

बबलू यादी बघत म्हणाला, “एकच नाव परत दोनदा आलंय की. एक काढू का?”

मामांनी माऊस उपटला आणि खिशात घातला.