दुसऱ्याच्या नावाची पत्रे

विसाव्या वर्षी ग्रंथालयात कथाकार जी. ए. कुलकर्णी यांचा 'पिंगळावेळ' हा कथासंग्रह हाती लागला, त्यातली 'कैरी' ही कथा मी उभ्यानेच वाचली आणि त्या रात्री मला झोप आली नाही. पोरका होऊन मावशीच्या आश्रयाला आलेला मुलगा आणि आपल्याच घरात रोज थोडी थोडी विझत जाणारी ती मावशी मला परकी वाटेनात. माझ्याही लहानपणाची चार वर्षे मावशीकडे गेली. मोठी माणसे एकाएकी गप्प झाली की लहान मुलाला त्यातले काय काय कळते, हे मी कधीच कोणाला सांगितले नव्हते, आणि ते 1977 साली, माझ्या जन्माआधीच, छापून आलेले होते.

याला आज क्रश म्हणतात, आणि तो शब्द मला मान्य आहे. त्यांचे धारवाड पाहायचे म्हणून मी एकटी गेले. काळ्या चष्म्यातला त्यांचा फोटो कुठे दिसला, तर आजही मी थांबते.

त्यांनी लेखिका सुनीता देशपांडे यांना लिहिलेली पत्रे वाचताना मात्र मला स्पष्ट मत्सर वाटला. लोकांपासून कटाक्षाने दूर राहणारा हा माणूस तिथे पुस्तकांविषयी, चित्रांविषयी, स्वतःविषयी इतके भरभरून बोलतो, आणि ते बोलणे माझ्याशी नाही, हे पानोपानी जाणवत राहते. लेखक खरा कळतो तो पत्रांतून, असे अनेकजण म्हणतात. मला ते पटत नाही. पत्राला पत्ता असतो. कथा कोणाच्याच नावाने लिहिलेली नसते, म्हणून तिच्यात माझ्यासारखीला शिरायला जागा सापडते.

त्यांच्या कथांत नियती फार निर्दय आहे, अशी तक्रार मी नेहमी ऐकते. निर्दय आहेच. पण ते कोणत्याही पात्राची खोटी समजूत काढत नाहीत, आणि ज्या वयात मला सगळेजण समजूतच घालत होते, त्या वयात हा प्रामाणिकपणा मला मायेसारखा वाटला.

11 डिसेंबर 1987 रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. तरीही त्यांना एक पत्र लिहावे, असे मला फार वाटते. कागद घेऊन बसले की पहिल्याच ओळीत हात थांबतो, कारण 'प्रिय जी. ए.' हे संबोधन सुनीताबाईंचे, त्यांनी जी. एं.ना लिहिलेल्या पत्रांचे आहे.