‘आजी, बसून राहा हं’

दोन महिन्यांपूर्वी नाशिकहून फोन आला, मावशी पडली. गंगापूर रोडच्या एका वृद्धाश्रमात ती दोन वर्षं राहतेय. पहाटे तीनला लघवीला उठली, बाथरूमच्या ओल्या फरशीवर पाय सरकला आणि खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं. पण घरच्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आठ दिवस चर्चा चालली ती एकच: तिला तिथे ठेवायलाच नको होतं, पोरं परदेशात गेली की हे असंच व्हायचं. फरशीबद्दल एकानेही विचारलं नाही. पंचवटीतल्या आमच्या जुन्या वाड्याचा लाकडी जिना आठवा. तिथे ती पडली नसती, असं कोण छातीठोकपणे सांगेल?

मी अमेरिकेत न्यू जर्सीत एका नर्सिंग होममध्ये, म्हणजे म्हाताऱ्यांना कायम ठेवून सांभाळणाऱ्या संस्थेत, फिजिओथेरपिस्ट आहे. इथे पासष्टी ओलांडलेल्यांपैकी चारात एक जण दरवर्षी पडतो. आमच्याकडे कोणी पडलं की दुसऱ्या दिवशी आम्ही एकत्र बसून विचारतो: किती वाजता? कशासाठी उठले होते? पायात काय होतं? चष्मा कुठे होता? झोपेची गोळी दिली होती का? बीपीची गोळी बदलली होती का? झटकन उभं राहिल्यावर बीपी उतरतं, डोळ्यांपुढे अंधारी येते. पहाटे तीनला पडलेला माणूस बहुतेक वेळा बाथरूमलाच निघालेला असतो. मग अडीचला आपणच जाऊन विचारायचं, इतका साधा उपाय निघतो.

इथे सगळं आलबेल आहे असं मुळीच नाही. रात्रपाळीला माणसं अपुरी पडतात. पलंगाचा अलार्म वाजतो, पण आम्ही धावत पोचेपर्यंत माणूस खाली असतो. पडू नये म्हणून म्हाताऱ्यांना खुर्चीला बांधून ठेवायची पद्धत इथेही होती. कर्मचाऱ्यांच्या सोयीसाठी असं बांधायला १९८७च्या कायद्याने मनाई केली. बांधलेला माणूस सुटायची धडपड करतो, त्यात जखमी होतो, आणि बसून बसून त्याच्या पायांतलं बळ जातं.

म्हणून मावशी आश्रमात परतल्यावर व्हिडिओ कॉलवर जे पाहिलं त्याने पोटात गोळा आला. पलंगाला दोन्ही बाजूंनी कठडे. सांभाळणारी मुलगी अगदी मायेने म्हणत होती, ‘आजी, बसून राहा हं, पडाल.’ मला तिचा राग नाही, तिला कोणी शिकवलेलंच नाही. पण कठड्यावरून उतरू पाहणारं माणूस आणखी उंचावरून पडतं, आणि महिनाभर बसवलेल्या मावशीला मग खुर्चीतूनही उठता येणार नाही.

मी त्या मुलीला फोन बाथरूमकडे न्यायला सांगितलं. दारातच बादली. आधाराला फक्त टॉवेलचा दांडा, एका स्क्रूवर लोंबकळणारा. पडताना मावशीने तोच धरला होता. कोपऱ्यात मावशीची स्लिपर, तळ पार गुळगुळीत झालेला.

आता तिथे भिंतीत पक्का स्टीलचा दांडा बसलाय, रात्रभर छोटा दिवा जळतो, कठडे काढलेत. डॉक्टरांना विचारून मावशी रोज वॉकर धरून दारापर्यंत जाते, मुलगी शेजारून चालते. पण दांडा बसला तो तिच्या एकटीच्या बाथरूमला. बाकीच्या खोल्यांचं काय, हे विचारायला मी रविवारी व्यवस्थापकांना पुन्हा फोन करणार आहे.