ते दोन फूट कुणीही वाढवले नव्हते

‘एव्हरेस्टचं सत्य, जे शाळेत शिकवत नाहीत’ असा एक मजकूर व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतोय. त्याचा सारांश असा: इंग्रजांच्या सर्व्हे खात्याचा प्रमुख (सर्व्हेअर जनरल) जॉर्ज एव्हरेस्टने त्याच खात्यातले महान गणिती राधानाथ सिकदार यांचं संशोधन चोरून शिखराला स्वतःचं नाव दिलं. सिकदारांना उंची बरोबर 29,000 फूट मिळाली होती, पण लोकांना तो अंदाज वाटेल म्हणून साहेबाने दोन फूट खोटे वाढवले. साहेब लोक बंगल्यात बसून राहिले. आणि आजही सर्व्हे ऑफ इंडियाचा, म्हणजे सरकारच्या नकाशे बनवणाऱ्या खात्याचा, नकाशा घरात सापडला तर तुरुंगवास होतो.

मी तो पुसून टाकला असता. पण माझ्या भाचीने तो वक्तृत्व स्पर्धेच्या भाषणात जसाच्या तसा घेतला आणि भाषण तपासणाऱ्या शिक्षकांनी त्यावर ‘छान माहिती’ असा शेरा मारला. आता लिहिणं भाग आहे.

नावाचं आधी उरकतो. जॉर्ज एव्हरेस्ट 1843 मध्ये निवृत्त होऊन इंग्लंडला परतले. ज्या निरीक्षणांवरून या शिखराची उंची निघाली ती 1849-50 मधली. तेव्हा त्याला नाव नव्हतं, नुसता क्रमांक होता, पंधरा. एव्हरेस्टांचं नाव सुचवलं ते त्यांच्यानंतरचे सर्व्हेअर जनरल अँड्र्यू वॉ यांनी, 1856 मध्ये. खुद्द एव्हरेस्टांनी त्यावर हरकत घेतली होती. लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने 1865 मध्ये नाव कायम केलं. दोष द्यायचाच तर वॉ यांना द्या. स्थानिक नाव सापडत नाही असं त्यांनी सांगितलं, पण तिबेटी लोकांचं चोमोलुंग्मा हे नाव अठराव्या शतकातल्या फ्रेंच नकाशावरही आलेलं होतं.

आता ते दोन फूट. ही गोष्ट इतकी लाडकी आहे की चांगली शिकलेली माणसंही ती सांगतात, म्हणूनच तिचा जास्त राग येतो. नेपाळमध्ये शिरायला परवानगी नव्हती, त्यामुळे सर्व्हेच्या लोकांनी बिहारच्या सपाटीवरच्या मोजणीच्या सहा ठाण्यांवरून, 175 ते 190 किलोमीटर अंतरावरून, थिओडोलाइटने, म्हणजे कोन मोजायच्या दुर्बिणीने, शिखराचे कोन घेतले. प्रत्येक ठाण्यावरून आलेली उंची छापील उपलब्ध आहे. सिडनी बरार्ड आणि हेन्री हेडन यांनी हिमालयाच्या भूगोलावर आणि भूगर्भावर लिहिलेला, 1907-08 मध्ये सरकारनेच छापलेला ग्रंथ काढून बघा. सहा आकडे असे आहेत: 28,991.6, 29,005.3, 29,001.8, 28,998.6, 29,026.1 आणि 28,990.4 फूट. मोबाइलवर बेरीज करा. 1,74,013.8 येते. सहाने भागा. 29,002.3.

झालं. मार्च 1856 मध्ये वॉ यांनी जाहीर केलेला 29,002 हा आकडा म्हणजे याच सहा आकड्यांची सरासरी. कुणी कुठे काही चिकटवलेलं नाही. आणि बघा, सर्वांत कमी आणि सर्वांत जास्त आकड्यात जवळपास 36 फुटांचा फरक आहे. तो फरक त्यांनी लपवला नाही.

उंचीत चूक होतीच, पण ती लबाडीची नव्हती. इतक्या अंतरावरून येणारा प्रकाश हवेतून वाकतो, त्या वक्रीभवनाचा हिशेब तेव्हा पक्का नव्हता. शिवाय हिमालयाच्या प्रचंड वस्तुमानामुळे ओळंबाही त्याच्याकडे ओढला जातो आणि कोन चुकतो. 1955 मध्ये सर्व्हे ऑफ इंडियानेच आकडा सुधारून 8,848 मीटर केला. नेपाळ आणि चीनने 2020 मध्ये जाहीर केलेली उंची 8,848.86 मीटर आहे, म्हणजे जुन्या आकड्यात सुमारे 30 फुटांचाच फरक निघाला.

या मजकुराचं खरं पाप इथे आहे. वरच्या ओळीत सिकदारांना महान गणिती म्हणायचं आणि खालच्या ओळीत त्यांच्याच कचेरीतून निघालेल्या आकड्याला बनावट ठरवायचं. हा सिकदारांचा गौरव नाही, त्यांच्या आयुष्यभराच्या कामावर चिखलफेक आहे.

सिकदारांवर अन्याय झाला हे मात्र खरं आहे, तेवढं मान्य करायलाच हवं. 1831 मध्ये महिना तीस रुपयांवर लागलेला हा माणूस कलकत्त्याच्या कचेरीत मुख्य गणक, म्हणजे आकडेमोड करणाऱ्यांचा प्रमुख, झाला. 1843 मध्ये डेहराडूनच्या गोऱ्या मॅजिस्ट्रेटने सर्व्हेच्या मजुरांना स्वतःचं सामान वाहायला लावलं, तेव्हा सिकदारांनी ते सामान अडवलं आणि त्यापायी 200 रुपये दंड भरला. सर्व्हेच्या 1851 च्या मार्गदर्शक पुस्तकात गणिताचा मोठा भाग त्यांचा होता, प्रस्तावनेत तसं नोंदलेलंही होतं. ते 1870 मध्ये वारले आणि 1875 च्या आवृत्तीतून त्यांचं नाव गायब झालं. चोरी हीच, आणि तिचा पुरावाही आहे. एवढं सोडून खोट्या दोन फुटांच्या मागे का लागायचं?

साहेब बंगल्यात बसले होते म्हणे. त्रिकोणांचे कोन मोजून देशाचा नकाशा बनवणारं हे त्रिकोणमितीय सर्वेक्षण 1802 मध्ये मद्रासजवळ सुरू करणारे विल्यम लॅम्ब्टन सत्तरीच्या आसपासही फिरतीवर होते. हैदराबादहून नागपूरला जाताना 1823 मध्ये आपल्या वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला ते वारले, कबर तिथेच आहे. हिमालयाच्या पायथ्याच्या तराईतल्या तापाने मेलेल्या मदतनिसांची आणि मजुरांची नावं मात्र कुणी लिहून ठेवली नाहीत, एवढं खरं.

तुरुंगवासाची भीती तर निव्वळ थाप. सीमेजवळच्या आणि किनारपट्टीच्या नकाशांवर पूर्वी बंधनं होती, कोकणात भटकणाऱ्यांना त्याचा त्रासही झाला. पण 2005 च्या नकाशा धोरणाने सर्वांसाठी वेगळी नकाशामालिका आली, 2017 पासून तिची टोपोशीट, म्हणजे चढउतार, नद्या, रस्ते दाखवणारे तपशीलवार नकाशे, संकेतस्थळावरून फुकट उतरवता येतात आणि फेब्रुवारी 2021 मध्ये नियम आणखी सैल झाले. भाचीला मी तिच्या गावाचं टोपोशीट उतरवून दिलं आहे, आणि भाषणात वाचायला ते सहा आकडेही.