वीस ‘के’ आणि एक कोपर

२०२५च्या ऑगस्टमध्ये ओव्हलवर मोहम्मद सिराजने गस अ‍ॅटकिन्सनची दांडी उडवली, भारताने कसोटी ६ धावांनी जिंकून मालिका २-२ अशी सोडवली आणि त्याच दिवशी आमच्या घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर वादाला तोंड फुटलं. सिराज पाचही कसोट्या खेळला, १८५.३ षटकं टाकली, २३ बळी घेतले. बुमराह मात्र शरीरावरचा ताण सांभाळायला ठरवून तीनच कसोट्या खेळला. “याला म्हणतात गोलंदाज,” दादाने पुण्याहून लिहिलं, “नाहीतर तुमचं ते वर्कलोड!” सुनील गावसकरही तेव्हा म्हणाले होते की ‘वर्कलोड’ हा शब्दच भारतीय क्रिकेटच्या शब्दकोशातून काढून टाकावा, सीमेवरचे जवान थंडीची तक्रार करतात का, असा त्यांचा सवाल होता. मग कपिल देव यांचं नाव निघालं. ते निघतंच. १३१ कसोट्या, आणि दुखापतीपायी एकही चुकली नाही.

मी त्या दिवशी ग्रुपवर काही लिहिलं नाही. मला जे म्हणायचं होतं ते चार ओळींत मावणारं नव्हतं. शिकागोत अठ्ठावीस वर्षं राहिल्यावर हा वाद ऐकला की माझ्या डोळ्यांपुढे बुमराह येत नाही, केरी वूड नावाचा बेसबॉलपटू येतो.

मी १९९७ साली नोकरीसाठी इथे आले. ऑफिसातली सगळी पुरुष-मंडळी सोमवारी सकाळी ज्याविषयी बोलायची ते बेसबॉल मला ओ की ठो कळत नव्हतं. १९९८च्या एप्रिलमध्ये सचिनने शारजात दोन दिवसांच्या अंतराने १४३ आणि १३४ केले, तेव्हा मी एकटीच इंटरनेटवर धावफलक पुन्हा पुन्हा उघडत बसले होते; आनंद वाटून घ्यायला शेजारी कुणी नव्हतं. त्यानंतर बारा दिवसांनी, ६ मे रोजी, बुधवारी दुपारी, शेजारच्या टेबलावरचा सहकारी मला जेवणाच्या खोलीत बोलवायला आला. “चल, तुझा सचिन बघितलास ना, आता आमचा बघ.” तो आयुष्यभर शिकागो कब्ज या बेसबॉल संघाचा चाहता.

टीव्हीवर रिग्ली फील्ड, कब्जचं मैदान, होतं. आभाळ भरून आलेलं, मध्येच भुरभुर पाऊस, भिंतीवरच्या वेलीची पानं चमकत होती. मैदानात जेमतेम पंधरा-सोळा हजार माणसं. आणि मधल्या उंचवट्यावर वीस वर्षांचा, टेक्सासमधून आलेला पोरगा, मोठ्या संघातला त्याचा फक्त पाचवा सामना. समोर ह्यूस्टन अ‍ॅस्ट्रोज, त्या हंगामात १०२ सामने जिंकलेला संघ.

सहकाऱ्याने मला त्या दुपारी बेसबॉल शिकवला. सामन्याच्या नऊ डावांत समोरच्यांचे २७ गडी बाद करायचे असतात. झेल, धावबाद, काहीही चालतं. पण पिचरने, म्हणजे चेंडू फेकणाऱ्याने, फलंदाजाला तीन स्ट्राइकवर (हुकलेला फटका किंवा ठरलेल्या पट्ट्यातून गेलेला चेंडू म्हणजे स्ट्राइक) बाद केलं, म्हणजे मागचा कॅचर सोडून कुणाच्या हाताला चेंडूही न लागता गडी गेला, तर तो स्ट्राइकआउट. आपल्याकडे सगळ्यात जवळचं म्हणजे त्रिफळा. धावपत्रिकेवर त्याची खूण इंग्रजी ‘के’ या अक्षराने होते आणि फलंदाजाने बॅट न हलवता नुसतं बघत राहिल्याने तिसरा स्ट्राइक गेला, तर तोच ‘के’ उलटा लिहितात. ही खूण हेन्री चॅडविक नावाच्या पत्रकाराने एकोणिसाव्या शतकात रूढ केली. प्रेक्षक ‘के’ लिहिलेले कागद कठड्यावर ओळीने लावत जातात.

वूडने पहिले पाचही गडी ‘के’ने काढले. त्याचा चेंडू ताशी ९५ मैलांच्या वर यायचा, आणि दुसरा एक चेंडू असा की फलंदाजाच्या अंगावर येतोय असं वाटावं, त्याने मान मागे घ्यावी आणि चेंडू वळून थेट पट्ट्यात शिरावा. आपल्या लेगस्पिनरचा वळणारा चेंडू डोळ्यांसमोर आणा आणि त्याला मध्यमगती गोलंदाजाचा वेग द्या. तिसऱ्या-चौथ्या-पाचव्या क्रमांकाचे बॅगवेल, हॉवेल आणि अलू, तिघंही तीन-तीनदा आले आणि नऊच्या नऊ वेळा ‘के’वर परतले. सबंध सामन्यात एकच हिट, म्हणजे फटका मारून फलंदाज सुखरूप पोचला असं एकदाच, तीही तिसऱ्या डावात क्षेत्ररक्षकाच्या ग्लव्हला लागून गेलेली. ती त्याची चूक धरायची की हिट, यावर माझा सहकारी अजूनही भांडतो. शेवटच्या डावात सत्तावीसावा गडी डेरेक बेल. बॅट फिरली, चेंडू तिच्या कितीतरी लांबून गेला, आणि विसावा ‘के’. रॉजर क्लेमेन्सने १९८६ आणि १९९६ मध्ये नऊ डावांच्या सामन्यात वीस काढले होते. त्या विक्रमाशी वीस वर्षांच्या पोराने बरोबरी केली. त्यानंतर रँडी जॉन्सन आणि मॅक्स शर्झर तिथवर पोचले, पण एकविसावा आजवर कुणाला मिळालेला नाही. परक्या देशात पहिल्यांदा मी अनोळखी माणसांबरोबर उभी राहून टाळ्या वाजवल्या.

त्या दिवशी वूडने १२२ चेंडू टाकले. तेव्हा कुणाला त्यात वावगं वाटलं नाही, मला तर आकडाच कळत नव्हता. पुढच्या सामन्यात त्याने आणखी १३ स्ट्राइकआउट काढले. मोसमाचा शेवटचा महिना तो दुखऱ्या कोपरामुळे जवळजवळ बाहेरच होता, वर्षातल्या सर्वोत्तम नवोदिताचा मान त्याला मिळाला, आणि १९९९च्या वसंतात कोपराच्या आतल्या बाजूचा अस्थिबंध फाटला. ते सबंध वर्ष शस्त्रक्रियेत गेलं. डॉ. फ्रँक जोब यांनी १९७४ साली टॉमी जॉन या पिचरवर पहिल्यांदा केलेली ती शस्त्रक्रिया. शरीरातल्या दुसऱ्या जागेचा स्नायुबंध काढून कोपरात ओवतात. वूड परतला, २००३ मध्ये २६६ स्ट्राइकआउटसह आपल्या लीगमध्ये पहिलाही आला. पण नंतर खांदा, कोपर, पुन्हा खांदा. पिचरच्या नावावर संघाचे विजय मांडतात, ते कारकिर्दीत एकूण ८६. त्याच टेक्सासचा क्लेमेन्स ३५४ विजयांवर थांबला.

त्याच दिवसाने कोपर गेलं असं मी म्हणणार नाही. एका सामन्याने अस्थिबंध फाटत नाही. शाळेत असतानाच, कब्जने त्याची निवड केल्यानंतर दोनच दिवसांनी, वूडने एका दिवसात दोन सामन्यांत मिळून १७५ चेंडू टाकले होते. मला सगळ्यात जास्त अस्वस्थ करतो तो हा आकडा. रिग्लीवर निदान डॉक्टर होते, मॅनेजर होता, कॅमेरे होते. शाळेच्या मैदानावर त्या मुलाला ‘बास’ म्हणणारं कोण होतं?

माझा मुलगा २००३चा. लहान मुलांच्या लीगमध्ये खेळायला लागला तेव्हा पहिल्याच शनिवारी माझ्या हातात एक छोटं यंत्र देण्यात आलं, आपल्याकडे जपाला वापरतात तसं बटण दाबायचं काउंटर. प्रत्येक चेंडूला एकदा दाबायचं. दोन्ही बाजूंचे एकेक पालक मोजायचे आणि डाव संपला की आकडे जुळवायचे. लिटल लीगने २००७ पासून डावांऐवजी चेंडू मोजायला सुरुवात केली होती. नऊ-दहा वर्षांच्या मुलाला दिवसाला ७५, अकरा-बारा वर्षांच्याला ८५. ६६च्या वर टाकले तर चार दिवस चेंडू फेकायचा नाही. एका सामन्यात आमचा पोरगा भरात होता, समोरच्यांना चेंडू दिसत नव्हता आणि माझ्या यंत्रावर ७५ झाले. मी हात वर केला. तो माझ्याकडे ज्या नजरेने बघत बाहेर आला ती मला आठवते. घरी येईपर्यंत गाडीत एक शब्द बोलला नाही.

तेव्हा मला वाईट वाटलं होतं. आज वाटत नाही.

इथे सगळं आलबेल आहे असंही समजू नका. हेच पालक एका लीगचे चेंडू मोजतात आणि रविवारी त्याच मुलाला दुसऱ्या संघातून, तिसऱ्या संघातून खेळवतात. तिथला आकडा इथल्या वहीत येत नाही. बारा महिने बेसबॉल, चौदाव्या वर्षी वेग मोजणारं यंत्र, आणि शाळकरी मुलांच्या कोपरावर त्या टॉमी जॉन शस्त्रक्रिया. मोठ्या लीगमध्येही पिचर शंभरीच्या आसपास बाहेर काढले जातात आणि तरी जखमी होतात, कारण प्रत्येक चेंडू जीव तोडून टाकायचा असतो. आणि सहाव्या-सातव्या डावातच पिचर बदलण्याच्या या काळात वूडसारखी दुपार पुन्हा दिसायची नाही, याची मला खरोखर हळहळ आहे. मॅनेजरने त्याला शंभराव्या चेंडूवर काढलं असतं तर वीस झालेच नसते.

पण दादा, कपिल देव यांचं उदाहरण मला पटत नाही ते यासाठी. इथेही एक कपिल आहे, नोलन रायन. २७ हंगाम, ५,७१४ स्ट्राइकआउट, आणि १९७४ मध्ये एका सामन्यात २३५ चेंडू. वूडला ‘दुसरा रायन’ म्हणायचे, त्याच्या पाठीवर रायनचाच ३४ नंबर होता. रायनचं शरीर टिकलं म्हणून रायनचं नाव आपल्याला ठाऊक आहे. ज्यांचं टिकलं नाही त्यांची नावं कोण सांगणार? सिराजच्या त्या षटकांना मी सलाम करते, पण ती मोजलेली षटकं होती, त्याच्यामागे फिजिओ, ट्रेनर, डॉक्टर उभे होते. बुमराहच्या पाठीवर २०२३ मध्ये शस्त्रक्रिया झाली आणि २०२५च्या जानेवारीत सिडनीत तीच पाठ पुन्हा आवळली. तो किती खेळणार हे ठरवायला माणसं आहेत. आपण ज्याच्यावर भांडतो त्याची काळजी आधीच कुणीतरी घेतंय.

ज्याची कुणी घेत नाही तो आपल्या घरात आहे. भाचा चौदाव्या वर्षी मैदानावर सकाळी नेट, दुपारी शाळेचा सामना, संध्याकाळी क्लबचं नेट असा खेळत होता. पाठ दुखते म्हणाला तेव्हा क्लासमधल्या सरांनी ‘ताकद कमी पडते, पळ’ म्हणून आणखी चार फेऱ्या मारायला लावल्या. एमआरआयमध्ये कमरेच्या मणक्याला स्ट्रेस फ्रॅक्चर, सततच्या ताणाने पडलेली चीर, निघालं. पिचरचा हात कोपरात वाकून झटक्याने पुढे येतो म्हणून त्याचं कोपर जातं. आपला गोलंदाज हात सरळ ठेवतो, तर पुढचा पाय जमिनीवर आपटताना सगळा भार वळलेल्या कमरेवर येतो. वाढत्या वयाचं हाड तो किती दिवस सोसणार? मी फोनवर विचारलं, “दिवसाला किती चेंडू टाकत होतास?” तो गप्प झाला. दादालाही माहीत नव्हतं. त्याच्या धावा, त्याचे बळी, कुठल्या सामन्यात किती, हे दोघांनाही तोंडपाठ होतं.

दादावर राग नाही माझा. पहाटे पाचला उठून मुलाला स्कूटरवर मैदानात पोचवणारा बाप आहे तो. पण मुलाच्या शरीराचा हिशोब ठेवणं म्हणजे त्याला मऊ करणं, हे जे आपल्याकडे डोक्यात बसलंय ते मला मान्य नाही. आमच्या लीगमध्ये एकच नियम मला पूर्ण मनापासून आवडला: मोजणारा पालक हात वर करतो तेव्हा प्रशिक्षकाला त्याच्याशी वाद घालता येत नाही. मुंबई-पुण्याच्या शालेय स्पर्धांत, क्लासमध्ये, क्लबात तेवढंच करावं. एक वही, एक आई नाहीतर बाप, आणि आकडा झाला की वर गेलेला हात.

२०१२च्या १८ मेला वूड रिग्लीवर शेवटचं खेळला. फक्त तीन चेंडू, आणि तो शेवटचा फलंदाजही ‘के’वर गेला. बाहेर येताना त्याचा छोटा मुलगा धावत येऊन त्याला बिलगला. माझा मुलगा तेव्हा नऊ वर्षांचा, माझ्या शेजारी सोफ्यावर. त्याने विचारलं, “आई, यांना अजून टाकता येतं ना? मग का थांबले?” मला उत्तर देता आलं नाही, मी त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

भाच्याला या जानेवारीत डॉक्टरांनी पुन्हा चेंडू हातात घ्यायची परवानगी दिली. मी त्याला इथून तसंच एक काउंटर पाठवलं. काल दादाने फोटो टाकला. मैदानाच्या कडेला स्कूटर, सीटवर वही, वहीत दादाच्या अक्षरात तारीख, त्यापुढे ३०, आणि त्याखाली लिहिलं होतं: उद्या सुट्टी.